आधी हाक, मग उजेड

"आई?"

"ओ."

"अप्पा?"

तेजल हॉलच्या दारात उभी होती, एक हात बटणावर आणि दुसऱ्या हातात कागदांचं जाडजूड पाकीट. बाहेर नाशिक रोडच्या त्या कॉलनीत सगळ्या खिडक्या उजळल्या होत्या. पहिल्या मजल्यावरच्या या एका घरात तेवढा अंधार होता.

"अप्पा, ओ द्या ना. बसमधून उभी आलेय मी, पाय दुखतायत."

"ओ," कोपऱ्यातल्या खुर्चीतून आवाज आला. मग कुठे ट्यूब लागली.

सोमनाथ अप्पांच्या घरातली ही रीत. तिन्हीसांजेला दिवा लावणाऱ्याने घरातल्या प्रत्येकाला हाक मारायची, प्रत्येकाची 'ओ' ऐकायची आणि मगच बटण दाबायचं. समोरच्या बिऱ्हाडाला वाटायचं, हे लोक रोज संध्याकाळी हजेरी घेतात. तेजलच्या सासरी तर लग्नाच्या दुसऱ्याच दिवशी गंमत झाली. नवी सून बटणावर हात ठेवून सासऱ्यांना हाका मारतेय आणि सासरे संडासात! बिचाऱ्यांनी आतून कशीबशी ओ दिली. पुढे त्यांनाही सवय झाली म्हणतात.

तेजल शाळेत चित्रकला शिकवायची. पाकिटात तिच्या पुस्तकाची छापायला जाण्याआधीची पानं होती. तिने ती टीपॉयवर एकेक करून मांडली, आणि लहानपणी ऐकलेला तेवण देश त्या टीपॉयवर उलगडला.

तेवण देशात सूर्य नाही. तिथला उजेड डोंगराच्या पोटात तळ्यासारखा साठलेला असतो. संध्याकाळ झाली की उजेडवान डोंगराचं दार उघडतो, आणि उजेड पाटापाटांनी वाहत गावात येतो. कुणाच्या उंबऱ्याशी थांबतो, कुणाच्या रांजणात भरतो. दळणाऱ्या बाईच्या जात्यात शिरतो आणि पिठाबरोबर खाली पडतो. पण पाट कधी फुटतात, कधी तुंबतात. मग रातकरी नावाची माणसं कोरड्या पाटात उतरून ते नीट करतात. ते आत असताना उजेड सोडला तर ते त्यात विरघळून जातात, मागे सावलीसुद्धा उरत नाही. म्हणून उजेडवान दार उघडण्याआधी कड्यावर उभा राहतो आणि एकेका रातकऱ्याला नावाने हाक मारतो. सगळ्यांची ओ आली की दार उघडतो.

दारावर चार शब्द कोरलेले आहेत. आधी हाक, मग उजेड. तेवणमध्ये याहून पवित्र काही नाही. मुलं पाटीवर पहिल्यांदा हेच गिरवतात, लग्नात नवरानवरी एकमेकांना हेच म्हणतात आणि माणूस गेला की त्याच्या कानात शेवटी हेच सांगतात.

"कसं झालंय?" तेजलने विचारलं.

अप्पा कड्यावरच्या उजेडवानाकडे बघत होते. तिने त्याला निळा फेटा घातला होता. चेहरा मात्र अप्पांचाच काढला होता, नाकासकट.

"छान झालंय गं," ते म्हणाले. "फारच छान."

"मग आता एक काम करा. शेवटचं पान मी कोरं ठेवलंय. प्रकाशक म्हणतात, हा देश कुणाला सुचला, कसा सुचला, चार ओळी पाहिजेत. सोमवारी द्यायच्यात."

"तूच लिही ना."

"मला काय माहीत? मी सात वर्षांची होते. तुम्ही सांगत होता, मी ऐकत होते. तुम्हीच लिहा."

स्वयंपाकघरात मेथी निवडणाऱ्या आईचे, उज्वलाताईंचे, हात थांबले. तेजलचं त्याकडे लक्ष नव्हतं. तिला घरी पोचायचं होतं. तिने पानांचा एक संच अप्पांसाठी ठेवला, चहा अर्धाच प्यायली आणि गेली.

"काय लिहिणार?" उज्वलाताईंनी आतूनच विचारलं.

"लिहीन. सुचलं आपोआप, असं लिहीन."

"आपोआप?" त्या बाहेर आल्या, पदराला हात पुसत. "अहो, मी चोवीस वर्षं या घरात रोज ओ देतेय. एकदाही विचारलं नाही कशासाठी. मला ठाऊक होतं म्हणून नाही विचारलं. पण छापायच्या पानावर तरी खोटं लिहू नका."

अप्पांनी चष्मा काढला आणि बराच वेळ पुसत बसले. काच आधीच स्वच्छ होती.

चोवीस वर्षांपूर्वी सोमनाथ अप्पा कळवणच्या पुढे, डोंगराला टेकलेल्या एका लहानशा सबस्टेशनवर ऑपरेटर होते. आसपासच्या गावांची वीज सोडायची आणि बंद करायची, हे त्यांचं काम. खांबावर चढायचं काम गोरक्षचं, तो लाईनमन. दोघांच्या मधे एक जाड वही होती, परमिटची. लाईनमनने वर चढण्याआधी वहीत सही करायची आणि लाईन बंद करून घ्यायची. काम झालं की परत येऊन दुसरी सही करायची. ती दुसरी सही पडेपर्यंत ऑपरेटरने वीज सोडायच्या हँडलला बोटही लावायचं नाही. साधा नियम होता, आणि साध्या नियमाचं होतं तसंच त्याचं झालं होतं. दिवसभर नियम पाळायचा, आणि ओळखीचा माणूस घाईत असला की 'वही नंतर भरू' म्हणायचं.

त्या संध्याकाळी वरच्या वाडीची वीज गेली होती. वाडीत हळदीचा कार्यक्रम होता आणि फोनवर फोन येत होते. गोरक्ष सायकलवरून आला, एक पाय जमिनीला टेकवून म्हणाला, "अप्पा, तार तुटलीय वरती. लाईन बंद करा. आन् वही काढा."

"अरे जा तू, वही नंतर भरू. वीस मिनिटांचं तर काम."

"काढा की, सही करून जातो."

"गोरक्ष, हळदीला बायका अंधारात बसल्यात रे. जा."

तो हसला आणि गेला. अप्पांनी लाईन बंद केली. अर्धा तास झाला. फोन वाजतच होता. पलीकडून कुणी शिव्या घातल्या, कुणी साहेबांचं नाव घेतलं. अप्पांनी खिडकीतून पाहिलं तर उतारावरून एक सायकल येत होती. खांद्यावर दोराचं वेटोळं. गोरक्षही दोर तसाच टाकायचा. आला, असं अप्पा मोठ्याने म्हणाले, आणि त्यांनी हँडल ओढलं.

सायकल फाटकापाशी आली आणि सरळ पुढे गेली. बाजारातून बैलाचा कासरा घेऊन निघालेला कुणी शेतकरी होता तो. वर वाडीत दिवे लागले; तार जोडलेला गोरक्ष तेव्हा अजून खांबावरच होता. लोकांनी आनंदाने केलेला ओरडा अप्पांना खाली ऐकू आला.

चौकशीत साहेबांनी एकच प्रश्न विचारला, परमिट घेतलं होतं का? अप्पा म्हणाले, "वहीत नोंद नाही, साहेब." वाक्यातला शब्द न् शब्द खरा होता, आणि एवढं मोठं खोटं ते पुन्हा आयुष्यात बोलले नाहीत. कागदावर आलं की लाईनमन परमिट न घेता खांबावर चढला. गावाने त्यात आपली भर घातली, प्यायला असेल. गोरक्षची बायको चांगुणा तीस वर्षांची होती, मुलगी चैताली पाच वर्षांची. नवऱ्याच्या जागी बायकोला नोकरी मिळते, पण चूक नवऱ्याचीच ठरल्यावर ती कोण देणार? अप्पांनी त्याच वर्षी बदली मागून घेतली.

तेवण देश त्या आठवड्यातला. संध्याकाळी लहानगी तेजल अंधारात उभी राहून म्हणाली, "अप्पा, लाईट लावा ना," आणि अप्पांचा हात बटणापर्यंत गेला, पण बोट दाबेना. त्यांच्या तोंडून निघालं, "उज्वला?" उज्वलाताई ओ म्हणाल्या. "तेजल?" पोरगी खिदळून ओ म्हणाली. मग बोट चाललं. "असं का केलं?" असं पोरीने विचारलं तेव्हा काहीतरी सांगणं भाग होतं. ते म्हणाले, "एक देश आहे, तिथे असंच करतात." त्या देशाला रोज संध्याकाळी एक गाव मिळालं, एक पाट मिळाला. अप्पांनी त्यात सगळं घातलं, एक सोडून. तेवणमधला एकही उजेडवान कधी चुकला नाही.

"पण एखाद्याने ओ दिलीच नाही तर?" तेजलने एकदा विचारलं होतं.

"तर थांबायचं."

"किती वेळ?"

"ओ येईपर्यंत."

दुसऱ्या दिवशी सकाळी अप्पांनी चार ओळी लिहिल्या. लिहायला दोन तास लागले आणि सात कागद फाटले. मग त्याच मजकुराचं एक लांब पत्र लिहिलं, कंपनीच्या साहेबांच्या नावाने, खाली सही आणि तारीख घालून. दोन्ही कागद त्यांनी तेजलच्या पानांबरोबर पिशवीत ठेवले.

"तेजलला फोन करू का, लिहून झालं म्हणून?" उज्वलाताईंनी विचारलं.

"नको. ज्यांचं आहे त्यांना आधी."

उज्वलाताईंना कळलं. त्यांनी मुकाट्याने डबा भरून दिला. अप्पा म्हणाले, "चांगुणासाठी काहीतरी न्यायला पाहिजे. रिकाम्या हाताने कसं जायचं?"

"रिकाम्याच हाताने जा," त्या म्हणाल्या. "आणि गोड तर मुळीच नेऊ नका."

कळवणची एसटी दिंडोरी सोडून पुढे निघाली तशी अप्पांना गुंगी आली. काचेवर डोकं टेकवून ते बाहेर बघत होते. द्राक्षांचे मांडव मागे पळत होते, कालव्यात पाणी होतं आणि पाण्यावर ऊन. बघता बघता ते ऊनच कालव्यातून वाहू लागलं. वणीच्या गडाचा डोंगर जवळ आला तेव्हा त्याच्या कातळात त्यांना दार दिसलं. दारावर अक्षरं होती, खाली कोरड्या पाटात कुणीतरी पाठमोरं वाकून काम करत होतं, खांद्यावर दोर. अप्पांना हाक मारायची होती. तोंड उघडलं, आवाज निघेना. कंडक्टरने खांदा हलवला तेव्हा कळवण आलं होतं.

तिथून जीपने ते गोरक्षच्या गावात पोचले तेव्हा उन्हं कलली होती. चांगुणा अंगणात कांदे निवडत बसली होती. केस पिकले होते, पण अप्पांनी तिला लगेच ओळखलं. तिनेही ओळखलं.

"आगं बाई, भाऊ! वाट चुकले का काय?" ती हात झटकत उठली. "या, आत या. वैनी बरी हाय ना? तेजल काय करती?"

घर दोन खोल्यांचं, पत्र्याचं. स्वच्छ होतं. अप्पांनी भिंतीवर नजर फिरवली. देवाचं कॅलेंडर होतं, चैतालीच्या लग्नाचा फोटो होता. गोरक्षचा फोटो कुठेच नव्हता.

तिने पाणी दिलं. अप्पांनी तांब्या हातात धरला, पण पाणी प्यायले नाहीत.

"वहिनी, मी बोलायला आलोय. माझं संपेपर्यंत मला थांबवू नका."

"बोला की."

"त्या दिवशी गोरक्षनं परमिट मागितलं होतं. दोनदा मागितलं. वही काढा म्हणाला. मीच म्हणालो, नंतर भरू. तो वर असताना मी लाईन चालू केली. दुसऱ्याच माणसाची सायकल बघून. आणि चौकशीत मी ते सांगितलं नाही."

बाहेर कोंबडी कांद्याच्या पाल्यात पायांनी उकरत होती. चांगुणाने हाताने तिला हाकललं, आणि हात तसाच हवेत राहिला.

"ते प्यायले नव्हते?" तिने विचारलं.

"नाही. सकाळपासून माझ्याबरोबर होता. चहाशिवाय काही घेतलं नव्हतं."

"पक्कं?"

"पोरीची शपथ."

ती खाली बसली, भिंतीला पाठ लावून. आवाज आला तो रडण्याचा नव्हता, रागाचा होता.

"लोक म्हनले म्हनले, त्याचं काय नाय. लोकांचं तोंड कोन धरतं? पन मी पन म्हनले, भाऊ. चोवीस वर्षं म्हनले. पोरीची फी भरायची आसली का म्हनायची, दुसऱ्याच्या बांधावर निंदायला गेले का म्हनायची. ढोसून चढले आन् आमाला उघड्यावर टाकून गेले. पोरीच्या लग्नात फोटो नाय ठेवला मी. समदे म्हनले ठेव, बापाचा आशीर्वाद पायजे. मी म्हनले, त्या मानसाचं नाव काढू नका." तिने अप्पांकडे पाहिलं. "मेलेल्या मानसाला शिव्या दिल्या मी. तुमच्यापायी."

अप्पा मान खाली घालून ऐकत होते. त्यांना रडू येत होतं, आणि आपल्याला इथे रडायचा हक्क नाही हेही कळत होतं.

"माफी मागायला आले?"

"नाही. तेवढं तोंड नाही मला. सांगायला आलो. हे पत्र लिहिलंय, उद्या कंपनीत देतो. गावात म्हणाल त्याच्यासमोर बोलतो. त्यांनी माझी पेन्शन बंद केली तरी चालेल."

"आन् मला नोकरी देतीन आता?" ती हसली. ते हसू बघवत नव्हतं. "चोपन्न झाले मला. आता काय खांबावर चढू?"

अप्पांनी पत्र परत पिशवीत ठेवलं. ते उठायला लागले.

"बसा," चांगुणा म्हणाली. "उठू नका. तुमीच आले, आता बसा."

ते बसले. ती आतल्या खोलीत गेली. पत्र्याची पेटी सरकल्याचा आवाज आला. ती बाहेर आली तेव्हा तिच्या हातात एक फोटो होता, जुन्या लुगड्यात गुंडाळलेला. काच पदराने पुसून तिने तो कॅलेंडरशेजारच्या खिळ्याला लावला. वाकडा झाला, तिने सरळ केला. गोरक्ष छत्तीस वर्षांचाच होता, केस एका बाजूला चापून बसवलेले, आणि आता त्याची बायको त्याच्या आईसारखी दिसत होती.

"त्या पिशवीत काय हाय?" तिने पाठमोरीच विचारलं.

अप्पांनी तेजलची पानं काढून जमिनीवर मांडली. उजेड कमी होत चालला होता, म्हणून ती वाकून बघायला लागली. डोंगर, पाट, रातकरी. अप्पांनी हळूहळू सगळा देश सांगितला, जसा सात वर्षांच्या तेजलला सांगितला होता. चांगुणाने मधे एकदाच बोट ठेवलं, पाटात वाकलेल्या, दोरवाल्या माणसावर. मग अप्पांनी शेवटच्या पानासाठी लिहिलेल्या ओळी वाचल्या.

"हा देश मला सुचला नाही. मी एका माणसाला हाक न मारता उजेड सोडला, तेव्हापासून तो माझ्या घरात आहे. त्या माणसाचं नाव गोरक्ष, लाईनमन. त्याने नियमाने परमिट मागितलं होतं. तो प्यायला नव्हता. चूक माझी होती."

"हे छापनार?"

"तुम्ही हो म्हणालात तर."

चांगुणाने हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. घरात आता एकमेकांचे चेहरे दिसेनासे झाले होते. समोरच्या घरात दिवा लागला, मग पलीकडे, मग वर वाडीपर्यंत. ती उठली आणि चाचपडत बटणापाशी गेली. हात ठेवला, आणि थांबली.

"त्या देशात काय करत्यात म्हनले? समद्यांची नावं घ्यायची?"

"हो. अंधारात जे असतील त्या सगळ्यांची."

तिने अंधारात त्यांच्या दिशेला मान वळवली.

"सोमनाथ भाऊ?" चांगुणाने हाक मारली.

दुसऱ्या खेपेला अप्पांचा आवाज निघाला. "ओ."

मग ती भिंतीकडे वळली. लग्नात उखाणा घेतला तेवढाच, त्यानंतर नवऱ्याचं नाव तिने कधी उच्चारलं नव्हतं. गावात कोणतीच बाई उच्चारत नसे.

"गोरक्ष," ती म्हणाली. आवाज फुटला नाही, म्हणून पुन्हा म्हणाली, मोठ्याने, लांब शेतातल्या माणसाला मारावी तशी. "गोरक्ष!"

दोघांनी कान देऊन ऐकलं. कांद्याचा पाला वाऱ्याने सरकत होता. लांब कुठेतरी पाण्याची मोटर चालू झाली.

"ओ नाय दिली तर काय करायचं आस्तं?" तिने हळूच विचारलं.

"थांबायचं."

तिने बटणावरचं बोट काढलं नाही, दाबलंही नाही. रस्त्याने जाणाऱ्या शेजारच्या सुनेला हे एकच घर काळोखात दिसलं. तिने बाहेरूनच विचारलं, "काकू, तुमची लाईट गेली का वं?"

"नाय गं," चांगुणा म्हणाली. "लाईट हाय. आमी थांबलोय."